शिक्षेला स्टे मिळाला म्हणजे तो सुटला का?

मागच्या पावसाळ्यात एक ताई आमच्या मदत केंद्रावर आल्या, कापडी पिशवीत कोर्टाचे सगळे कागद, आणि बसायच्या आधीच मोबाईल माझ्यापुढे धरला. नणंदेचं स्टेटस होतं, पेढ्यांचा बॉक्स आणि खाली 'सत्याचा विजय'. ८ वर्षं तारखा करून मॅजिस्ट्रेट कोर्टाने नवऱ्याला ४९८-अ मध्ये, म्हणजे बायकोच्या छळाच्या कलमात, २ वर्षांची शिक्षा दिलेली, आणि महिनाभरात वरच्या सेशन कोर्टाने त्याच्या अपिलात स्टे दिला. "मॅडम, म्हणजे मी खोटी ठरले ना?" एवढंच विचारलं आणि रडायला लागल्या.

हा प्रश्न घेऊन खूप जणी येतात, म्हणून लिहितेय. नाही, खोट्या ठरत नाही. स्टे म्हणजे फक्त शिक्षा भोगणं थांबवलेलं असतं, दोषी ठरवलंय ते तसंच राहतं. या कलमात शिक्षा जास्तीत जास्त ३ वर्षं, आणि अपील बोर्डावर यायलाच वर्षं जातात, तोवर तो शिक्षा भोगून बाहेर आला तर अपिलाला अर्थच उरत नाही, म्हणून लहान शिक्षेत कोर्ट बहुतेक वेळा स्टे देतं. हुंडाबळीच्या केसमध्ये, जिथे कमीत कमी ७ वर्षं आहेत, तिथे स्टे इतका सहज मिळत नाही.

पण ताईंची खरी भीती वेगळीच होती, ती तासाभराने बाहेर आली. "परत पिंजऱ्यात उभं करतील का?" उलटतपासात वकिलाने माहेरच्या दागिन्यांवरून काय काय विचारलेलं ते त्यांना अजून पाठ होतं. मी सांगितलं, अपिलात सहसा साक्ष परत होत नाही, तुम्ही दिलेली साक्ष जज कागदावरच वाचतात. तेव्हा कुठे पाणी प्यायल्या.

मग कामाचं बोललो. आरोपीच्या अपिलात शिक्षा वाढत नाही, कमी होऊ शकते किंवा तो निर्दोषही सुटू शकतो. वाढवून हवी तर अपील सरकारला करावं लागतं, आपल्याला फक्त शिक्षा कमी पडली म्हणून अपील करता येत नाही, रिव्हिजन, म्हणजे वरच्या कोर्टाने निकाल तपासून बघावा असा अर्ज, टाकता येते आणि तिला मुदत ९० दिवस, हे बऱ्याच जणींना कळतं तेव्हा उशीर झालेला असतो आणि मला त्याचा फार त्रास होतो. तो निर्दोष सुटला तर मात्र ३१ डिसेंबर २००९ पासून पीडितेला स्वतः अपिलाचा हक्क आहे. वकिलाचे पैसे नाहीत म्हणून घरी बसू नका, जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात बाईला उत्पन्न न बघता फुकट वकील मिळतो.

ताईंच्या निकालाला तेव्हा ५२ दिवस झाले होते. निकालाची नक्कल पिशवीत होतीच. अपिलाचा नंबर मी फाईलच्या कव्हरवर मोठ्या अक्षरात लिहून दिला, सरकारी वकिलांना भेटून तारीख कळवत राहायला सांगा म्हटलं, आणि दुसऱ्या दिवशी ११ वाजता प्राधिकरणात आम्ही दोघी गेलो.