पतसंस्थेचं कर्ज काढून वजनाचं इंजेक्शन घ्यावं का?

धायरीहून एका ताईंनी लिहिलं आहे. वय ४४, पुणे जिल्हा परिषदेत वरिष्ठ सहायक, नोकरीला २०११ साली लागल्या. उंची १५८ सेंटिमीटर, वजन ९४ किलो. रक्तदाब आहे, साखर काठावर, आणि झोपेत श्वास अडकण्याचा त्रास तपासणीत ‘तीव्र’ निघाला आहे. डॉक्टरांनी आठवड्यातून एकदा घ्यायचं वजन कमी करणारं इंजेक्शन सुचवलं. खर्चासाठी त्यांच्यासमोर तीन वाटा आहेत. एक, ओळखीचा विमा एजंट म्हणतो की ओपीडी कव्हर (दवाखान्यात दाखल न होता झालेला खर्च) असलेली ४६,००० रुपयांची पॉलिसी घ्या, इंजेक्शन त्यात बसवतो. दोन, कर्मचारी पतसंस्थेतून दोन लाखांचं कर्ज, ११ टक्क्यांनी, तीन वर्षांसाठी. तीन, मुलीच्या नावाची ८,००० रुपयांची एसआयपी थांबवणं. पत्राच्या शेवटी त्या लिहितात, “मिस्टर म्हणतात, रोज पर्वती चढ, फुकटात होईल. सर, तुम्हीच काय ते सांगा.”

ताई, पर्वतीचं आधी. जिच्या गुडघ्यांवर ९४ किलोंचा भार आहे आणि जिची रात्रीची झोप धड होत नाही, तिला पायऱ्या चढायला सांगणं सोपं आहे. औषध घ्यावं की नाही हे तुमच्या डॉक्टरांनी ठरवलंय, त्यात मी किंवा मिस्टरांनी पडायचं कारण नाही. माझं काम पैशांचं, तेव्हा हिशेबाकडे वळू.

तुम्ही वेगोवीच्या, म्हणजे अशाच एका इंजेक्शनच्या, एका पेनची किंमत १०,८५० धरून, १२ ने गुणून, वर्षाला एक लाख तीस हजार लिहिलेत. इथे दोन चुका आहेत. एका पेनमध्ये चार आठवड्यांचे चार डोस असतात आणि वर्षात आठवडे ५२, म्हणजे पेन लागतात १३. दुसरी चूक मोठी आहे. १०,८५० हा सुरुवातीच्या, सगळ्यात लहान डोसचा नोव्हेंबर २०२५ मधला भाव आहे, आणि तो डोस फक्त पहिले चार आठवडे. मग डोस टप्प्याटप्प्यानं वाढवत नेतात. जून २०२५ मध्ये हे औषध भारतात आलं तेव्हा वरच्या डोसला महिन्याला २६,०१५ पडत होते. नोव्हेंबर २०२५ मध्ये कंपनीनं भाव उतरवला, तरी वरचा डोस १६ हजारांच्या घरातच राहिला. १६,४०० धरले तर वर्षाचे होतात २ लाख १३ हजार, म्हणजे महिन्याला सरासरी १७,७०० रुपये. मौंजारो या दुसऱ्या इंजेक्शनचंही असंच. मार्च २०२५ मध्ये ते आलं तेव्हा अडीच मिलिग्रॅमची कुपी ३,५०० आणि पाचची ४,३७५ होती, आठवड्याला एक. तिथेही अडीच ही फक्त सुरुवात असते. प्रत्येकाला सगळ्यात वरचा डोस लागतोच असं नाही, पण घरचा हिशेब खालच्या डोसवर मांडू नका.

आता ऑफिसकडून काय मिळेल ते. तुम्ही विचारलंय की पगारातून गटविमा कापला जातो, त्यातून काही मिळेल का. नाही. तो गटविमा आयुर्विम्याच्या जातीचा आहे. निवृत्तीला बचतीचा भाग मिळतो, मध्येच काही बरं-वाईट झालं तर घरच्यांना रक्कम मिळते, दवाखान्याच्या बिलाशी त्याचा संबंध नाही. राहता राहिली वैद्यकीय खर्चाची प्रतिपूर्ती. तिचा पाया १९६१ चे वैद्यकीय देखभाल नियम, आणि खासगी रुग्णालयातल्या उपचारांसाठी २७ आकस्मिक आणि ५ गंभीर आजारांची यादी. लठ्ठपणा त्या यादीत नाही. मेडिकलमधून दर महिन्याला आणलेल्या पेनचं बिल तुम्ही आस्थापना विभागात दिलंत, तर ते औंधला जिल्हा शल्यचिकित्सकांकडे जाऊन शेरा मारून परत येईल, याची मनाची तयारी ठेवा. तरीही एक अर्ज लेखी द्या आणि उत्तरही लेखीच मागा. पुढे नियम बदललेच तर तो कागद उपयोगी पडेल. मात्र बिल मंजूर होईल असं धरून पैसे खर्च करू नका.

तुमची भाची अमेरिकेत नॉर्थ कॅरोलायनात असते आणि ‘इकडे सरकारी नोकरांना विम्यातून मिळतं’ असं सांगते. मिळत होतं. त्या राज्याच्या कर्मचारी आरोग्य योजनेचा या औषधांवरचा खर्च २०२३ साली दहा कोटी डॉलरच्या पुढे गेला आणि १ एप्रिल २०२४ पासून योजनेनं वजन कमी करण्यासाठीच्या या औषधांचे पैसे देणं बंद केलं. मधुमेहासाठी देणं चालू राहिलं. ज्यांचं औषध अर्धवट चालू होतं, त्यांना पुढचा खर्च स्वतः करायचा की थांबायचं, हे ठरवावं लागलं. एवढ्या मोठ्या योजनेला जे पेललं नाही, ते आपल्याकडचा एजंट ४६ हजारांत पेलून दाखवणार म्हणतो.

तुम्ही पाठवलेलं माहितीपत्रक मी दोनदा वाचलं. दहा लाखांच्या कव्हरचा मूळ प्रीमियम ३१,००० आहे, ओपीडीचे १५,००० वेगळे. त्या पंधरा हजारांत ओपीडीची मर्यादा २०,०००, आणि त्यातही औषधांना फक्त ८,०००. आठ हजारांत तर १०,८५० चं पहिलं पेनसुद्धा येत नाही. शिवाय आपल्याकडच्या आरोग्य पॉलिसींत ‘लठ्ठपणा आणि वजन नियंत्रण’ हे वगळलेल्या गोष्टींमध्ये ठळक लिहिलेलं असतं. ‘बसवतो’ म्हणजे नेमकं काय करणार, हे एजंटला विचारा. प्रिस्क्रिप्शनवर दुसराच आजार लिहून आणायचा असा अर्थ असेल, तर तिथूनच परत फिरा. एक खोटं बिल सापडलं तर पुढे हृदयाच्या ऑपरेशनचा खरा क्लेमही अडकतो.

म्हणून पॉलिसी घ्या, पण ओपीडीशिवायची. आता तुमच्याकडे फक्त मिस्टरांच्या कंपनीचं तीन लाखांचं कव्हर आहे, ते त्यांच्या नोकरीबरोबर जाईल. स्वतःची पॉलिसी काढताना वजन, रक्तदाब, झोपेचा त्रास, काठावरची साखर, सगळं लिहा. प्रीमियम थोडा चढेल, चढू द्या. आधीपासूनच्या आजारांना जास्तीत जास्त तीन वर्षं थांबावं लागतं, आणि सलग पाच वर्षं पॉलिसी चालली की, फसवणूक सिद्ध झाल्याशिवाय, माहिती दिली नाही किंवा चुकीची दिली या कारणानं क्लेम नाकारता येत नाही. आज लपवलंत तर या दोन्ही तरतुदी तुमच्या कामाच्या राहत नाहीत. २२ सप्टेंबर २०२५ पासून वैयक्तिक आरोग्य विम्यावर जीएसटी लागत नाही, तेव्हा एजंटच्या आकड्यात तो धरलेला नाही ना, तेही बघा. जुन्या करपद्धतीत असाल तर प्रीमियमची वजावट मिळेल. इंजेक्शनच्या बिलांची मिळणार नाही.

एक गोष्ट तुमच्या पत्रात नाही, पण मला ती महत्त्वाची वाटते. विमा इंजेक्शनला नाही म्हणतो, पण वजनाच्या शस्त्रक्रियेला सरसकट नाही म्हणत नाही. वगळण्याच्या त्याच कलमात अपवाद आहे: बीएमआय (उंचीच्या मानानं वजनाचं प्रमाण) ४० किंवा त्याहून जास्त, किंवा ३५ किंवा त्याहून जास्त आणि सोबत तीव्र स्लीप ॲप्निया (झोपेत श्वास अडकणं), आटोक्यात न येणारा मधुमेह, हृदयविकार यांपैकी काही, आणि वजन कमी करण्याचे साधे उपाय करून झालेले. तुमचा बीएमआय ३७.७ येतो आणि झोपेचा त्रास तपासणीत तीव्र निघालाय. नव्या पॉलिसीत यासाठी थांबावं लागेल. पण कंपन्यांच्या गट पॉलिसींमध्ये प्रतीक्षा कालावधी बरेचदा माफ असतो. मिस्टरांना सांगा, एचआरकडून पॉलिसीचा पूर्ण कागद आणा, दोन पानी सारांश नको. त्यात बॅरिॲट्रिक, म्हणजे वजनाची, शस्त्रक्रिया आहे का, मर्यादा किती, हे बघा. मी तुम्हाला ऑपरेशन करा म्हणत नाही, पोटावर सुरी चालवून घेणं ही लहान गोष्ट नाही. पण डॉक्टरांशी बोलताना दोन्ही पर्याय त्यांच्या खर्चासकट समोर असावेत. शस्त्रक्रियेचा मोठा खर्च एकदाच होतो, विमा त्यातला काही भाग उचलू शकतो. इंजेक्शनचा खर्च मात्र चालूच राहतो, आणि सगळा तुमच्या खिशातून.

कर्जाला माझा विरोध आहे तो याच कारणानं. दोन लाख, ११ टक्के, ३६ महिने, म्हणजे हप्ता साधारण ६,५५० रुपये. औषध एका वर्षात संपेल, हप्ता आणखी दोन वर्षं पगारातून कापला जाईल. आणि औषध थांबवल्यावर काय होतं याचा अभ्यास झालेला आहे. सेमाग्लुटाइडच्या, म्हणजे वेगोवीमधल्या औषधाच्या, मोठ्या चाचणीत ६८ आठवड्यांत सरासरी जवळजवळ १५ टक्के वजन उतरलं. तुमच्या बाबतीत ते १४ किलो होतं. औषध बंद केल्यावर वर्षभरात त्यातलं दोन तृतीयांश वजन परत आलं. म्हणजे दोन वर्षांनी वजन परत चढलेलं आणि पगारपत्रकात पतसंस्थेची कपात अजून तशीच, असं चित्र मला दिसतं. घर, शिक्षण, ऑपरेशन, यांना कर्ज काढावं. ज्या खर्चाला शेवटची तारीख नाही तो दर महिन्याच्या पगारातूनच निघायला हवा, नाहीतर तो परवडत नाही असं समजायचं.

मग पगारातून किती निघतात? तुम्हा दोघांच्या हातात १ लाख २ हजार येतात. घराचा हप्ता २३,५००, घरखर्च ३४,०००, मुलीचं कॉलेज आणि क्लास ९,०००, पेट्रोल ६,०००, सासूबाईंची औषधं ३,५००, एसआयपी ८,०००, पतसंस्थेची ठेव २,०००. उरतात १६,०००. त्यातून पॉलिसीचे महिन्याला अडीच हजार आणि डॉक्टर, रक्ततपासण्या यांचे दीड हजार बाजूला काढले की राहतात १२,०००. वर्षाचे १ लाख ४४ हजार, भागिले १३ पेन. तुमच्या घराला एक पेन जेमतेम ११ हजारांना परवडतं. वरच्या भावांत सुरुवातीचा डोस बसतो, वरचा बसत नाही.

एसआयपी थांबवली तर बसेल, हे मलाही दिसतंय. पण मुलगी अकरावीत आहे. दीड वर्षात तिची फी भरायची आहे, ते पैसे तिचे आहेत. सव्वा लाखाची एफडी तर मोडूच नका. तुमच्या घरात ती दीड महिनाही पुरत नाही. आणि आठव्या वेतन आयोगाच्या फरकाचं म्हणाल, तर सातव्या आयोगाचं काय झालं ते आठवून बघा. लागू १ जानेवारी २०१६ पासून, महाराष्ट्रात पगारात दिसायला २०१९ उजाडलं, आणि फरक दिला पाच हप्त्यांत.

म्हणून माझं मत: आज सुरू करू नका, तीन महिने थांबा. पण आधी डॉक्टरांना विचारा की एवढं थांबणं चालेल का, आणि तोवर झोपेच्या त्रासासाठी मशीन वापरायचं का. थांबायचं कारण भावाचं आहे. सेमाग्लुटाइडचं भारतातलं पेटंट मार्च २०२६ पर्यंतचंच, आणि बऱ्याच भारतीय कंपन्यांनी त्यासाठी आधीपासून तयारी केली होती. स्पर्धा आली की भाव उतरतो, हे मधुमेहाच्या गोळ्यांच्या बाबतीत आपण पाहिलं आहे. मौंजारोमधलं औषध वेगळं, त्याला हे लागू नाही. तेव्हा डॉक्टरांनी दोन्हींपैकी काहीही चालेल म्हटलं, तर सेमाग्लुटाइड धरा. मात्र स्वस्त मिळतंय म्हणून व्हॉट्सॲपवरून कुणाकडूनही पेन मागवू नका. चिठ्ठी, पक्कं बिल आणि फ्रीजमधून निघालेलं औषध, या तीन गोष्टींत तडजोड नको.

या तीन महिन्यांत दर पगाराला १२,००० रुपये वेगळ्या खात्यात टाका, जणू औषध सुरूच झालंय. लग्नसराई, घरची पूजा, मुलीच्या क्लासची अचानक आलेली फी, काहीही आलं तरी त्याला हात लावायचा नाही. तीन महिने जमलं तर ३६,००० गाठीला असतील आणि घराला हा खर्च पेलतो हेही कळेल. दुसऱ्याच महिन्यात हात घालावा लागला, तर तेही आत्ताच कळलेलं बरं.

तीन महिन्यांनी वरच्या डोसचं पेन ११ हजारांच्या आत मिळत असेल आणि खात्यात ३६,००० शिल्लक असतील, तर पतसंस्थेची पायरी न चढता सुरू करा. दोन्हींपैकी एक नसेल, तर गट पॉलिसीचा तो कागद घेऊन डॉक्टरांकडे जा. ३१ हजारांच्या पॉलिसीचा अर्ज मात्र या महिन्यातच भरा. आणि मिस्टरांनी पर्वतीचा विषय पुन्हा काढलाच, तर त्यांनाही सोबत घेऊन जा. पगारातला खर्च दोघांचा आहे, चालणंही दोघांचं होऊ दे.