वाचकांचे प्रश्न : "झेवियर याच घरात राहायचे का?"

प्रश्न : दिवाळीच्या सुट्टीत आम्ही चिपळूणहून जुन्या गोव्याला गेलो होतो. बॉम जीझस चर्चला लागूनच एक मोठी दुमजली इमारत आहे, मधे चौक वगैरे. गाइड म्हणाला की सेंट फ्रान्सिस झेवियर इथे राहायचे. पण तिथल्या पाटीवर चर्चचं साल वेगळंच दिसत होतं. आईचा प्रश्न तर आणखी वेगळा, पाद्र्यांना एवढं मोठं घर कशाला लागतं? आणि हा मठ आहे का?

उत्तर : गाइड साफ चुकला, पण त्याचा फार राग धरू नका, ही चूक तिथे बरेच जण करतात. झेवियर वारले 3 डिसेंबर 1552 ला, चीनच्या किनाऱ्याजवळच्या एका बेटावर. आणि तुम्ही पाहिलेलं घर पुरं झालं 1589 मध्ये, म्हणजे तब्बल 37 वर्षांनी. जिवंतपणी ते तिथे राहणं शक्यच नाही. गंमत म्हणजे मेल्यावर मात्र राहिले! 1554 मध्ये त्यांचा देह गोव्यात आणला तो आधी सेंट पॉल कॉलेजात होता, मग 1613 मध्ये या घरात आणला आणि 1624 ला शेजारच्या चर्चमध्ये नेला. मधे 1622 मध्ये रोमला त्यांना संतपद जाहीर झालं, म्हणजे ते संत झाले तेव्हा त्यांचा मुक्काम याच घरात होता. लोक रांग लावतात ती चर्चमध्ये, घराकडे कोणी ढुंकून बघत नाही, मला तर याचं नेहमी वाईट वाटतं.

सालांचा घोळ झाला कारण घर आधीचं आणि चर्च नंतरचं. चर्चचा पाया 1594 ला घातला आणि 1605 ला आर्चबिशप मेनेझिस यांनी ते पवित्र केलं. आपल्याला वाटतं देऊळ आधी आणि पुजाऱ्याचं घर मागाहून, इथे नेमकं उलटं झालंय.

आता मठाचं. मठ नाही हो. याला पोर्तुगीजमध्ये काझा प्रोफेसा म्हणतात, हे जेझुइट, म्हणजे दूरदेशी धर्मप्रसाराला जाणाऱ्या एका कॅथलिक संघाच्या फादरांचं घर. त्यांच्यात खूप वर्षं शिक्षण आणि परीक्षा झाल्यावर काही जणांना शेवटच्या शपथा घेता यायच्या, नेहमीच्या तीन (गरिबी, ब्रह्मचर्य, आज्ञापालन) आणि चौथी अशी की पोप पाठवतील तिथे कामाला जाईन, म्हणून ते 'प्रोफेस्ड'. मठातल्या साधूंसारखं रोज ठरल्या वेळी एकत्र बसून प्रार्थना गायचं बंधन त्यांच्यावर नव्हतं, माणूस उद्या जपानला जाणार असेल तर ते जमणार कसं. इथून फादर पूर्वेकडे रवाना व्हायचे, कोणी परत यायचे, कोणी नाही. तेव्हा आईंना सांगा, हे घर कमी आणि मुख्य ऑफिस व मुक्कामाची जागा जास्त असं होतं, खोल्या जास्त लागणारच.

आणखी एक गोष्ट आईंना आवडेल. जेझुइटांच्या कॉलेजांना जमिनीचं, गावांचं उत्पन्न ठेवता यायचं, पण प्रोफेस्ड घराला नियमानेच कायमचं उत्पन्न ठेवायचं नाही, भिक्षेवर चालायचं. एवढी मोठी वास्तू आणि चूल मात्र दानावर. नियमात तरी असंच होतं.

बांधकाम तुमच्या ओळखीचंच आहे, आपला जांभा, वर चुन्याचा गिलावा. खाणीतून काढताना जांभा मऊ असतो, हवा लागली की कडक होतो, हे चिपळूणकरांना मी काय सांगू. पण तो पाणी पितो, म्हणून चुना हवा. चर्चवरचा गिलावा 1950 च्या दशकात बाल्ताझार कास्त्रो नावाच्या पोर्तुगीज रिस्टोररने काढून टाकला, म्हणून ते आज लालभडक दिसतं. फोटोत भारी दिसतं खरं, पण कोकणच्या पावसात उघडा जांभा म्हणजे भिंतीचं काय होणार ते सांगायला नको, मला तर ते काम मुळीच पटलेलं नाही. दर्शनी भागावरचं नक्षीकाम मात्र जांभ्याचं नाही, त्यासाठी वसईहून काळा दगड आणला होता.

घराचं नशीब काही धड नव्हतं. 1663 ला आग लागून काही भाग जळाला. 1759 मध्ये पोर्तुगालचा तेव्हाचा मुख्य मंत्री पोंबाल याने जेझुइटांवर बंदी आणून त्यांची मालमत्ता जप्त केली, आणि जळलेला भाग पुन्हा बांधून झाला तो 1783 ला, म्हणजे ज्यांचं घर ते निघून गेल्यावर!

पुढच्या वेळी गेलात तर चर्चमधून आतल्या चौकात शिरता येतं का बघा, तिथे गर्दी कमी असते आणि आईंना बसायलाही सावली मिळेल.