भाजलेले पापलेट कोरडे का पडते?

प्रश्न : माझ्या यजमानांना चार वर्षांपासून मधुमेह आहे आणि गेल्या महिन्यातील तपासणीत कोलेस्टेरॉलही वाढलेले निघाले. डॉक्टरांनी तळलेले पदार्थ बंद करण्यास सांगितले आहे. आम्ही मूळचे मालवणचे असल्यामुळे रविवारी मासळी लागतेच, म्हणून ओटीजी (विजेचा लहान घरगुती ओव्हन) घेतला. पापलेटाला नेहमीचा मसाला लावून, तेल अजिबात न घालता, फॉइलमध्ये गुंडाळून ते 180 अंशांवर 40 मिनिटे ठेवले. फॉइल उघडल्यावर आत पाणी साचलेले होते, मासा चोथ्यासारखा झाला होता आणि लसूण कच्ची लागत होती. यजमानांनी दोन घास खाल्ले आणि उरलेला भात आमटीशी संपवला. आमचे काय चुकले? आणि अशा माशासोबत भात द्यावा की भाकरी? — एक वाचक, ठाणे

उत्तर : आपण मासा भाजला नाही, तर आधी वाफवला आणि नंतर वाळवला, असे म्हणावे लागेल. माशाचे मांस मटणासारखे चिवट नसते. साधारण 60 अंशांच्या आसपास ते शिजून तयार होते आणि त्यापुढे जितका वेळ आचेवर राहील तितके आतले पाणी बाहेर टाकत जाते. फॉइलमध्ये साचलेले पाणी ते हेच. ओव्हनमधील माशाला म्हणून जास्त आच आणि कमी वेळ लागतो. ओटीजी वरची-खालची दोन्ही कॉइल चालू ठेवून 220 अंशांवर रिकाम्या ट्रेसह 15 मिनिटे तापवावा आणि मगच मासा आत ठेवावा. सुमारे अडीच सेंटिमीटर जाडीच्या माशाला 12 ते 14 मिनिटे पुरतात. लहान ओटीजीच्या तबकडीवरचा आकडा आणि आतले तापमान यांत फरक असू शकतो, त्यामुळे पहिल्या खेपेस बाराव्या मिनिटाला दार उघडून पाहावे. काट्याजवळच्या सर्वांत जाड भागात चमचा घातल्यावर मांस पारदर्शक न दिसता पांढरे दिसले आणि पाकळ्यांसारखे सुटले की मासा झाला.

लसूण कच्ची लागण्याचे कारण वेगळे आहे. तव्यावर मासा तळताना आले-लसणाचे वाटण गरम तेलात परतले जाते. ओव्हनमध्ये तेलाविना बारा मिनिटांत ते नुसतेच सुकते. म्हणून तेल शून्यावर आणू नका. साधारण 300 ग्रॅमच्या एका पापलेटासाठी आले, लसूण, कोथिंबीर आणि दीड चमचा मालवणी मसाला यांचे वाटण चहाच्या एका चमच्याएवढ्या तेलात, मंद आचेवर, कच्चा वास जाईपर्यंत दोन-तीन मिनिटे परतून घ्यावे आणि निवल्यावर माशाला लावावे. एवढ्या तेलात सुमारे 45 कॅलरी असतात आणि त्या दोघांत विभागल्या जातात. मसाल्याचा रंग आणि स्वाद तेलातच उतरतो, त्यामुळे हा एक चमचा वाचवून हाती काही लागत नाही.

मासा धुतल्यावर स्वच्छ फडक्याने आतून-बाहेरून कोरडा टिपून घ्यावा, दोन्ही अंगांना काट्यापर्यंत तीन-तीन तिरक्या चिरा द्याव्यात आणि वाटण त्या चिरांमध्ये बोटाने दाबून भरावे. पावसाळ्यातील मासेमारीबंदीच्या काळात, म्हणजे 1 जून ते 31 जुलै या दिवसांत, आपण गोठवलेला मासा आणत असाल तर हे टिपून घेणे अधिकच गरजेचे आहे. तो आदल्या रात्री फ्रीजमध्ये खालच्या कप्प्यात सावकाश सुटू द्यावा. आंबटपणासाठी कोकमाचे आगळ वापरावे, पण ते खारट असते, म्हणून वाटणात मीठ घालू नये. यजमानांना रक्तदाबाचाही त्रास असेल तर आगळाऐवजी लिंबू बरे. आंबट लावून मासा 15-20 मिनिटांहून अधिक ठेवू नये, नाहीतर मांस वरून पिठूळ होते. पुष्कळ पाककृतींत अशा वेळी घट्ट दही सुचवलेले असते. परंतु मासे आणि दही एकत्र करायचे नाही असे मानणाऱ्या घरांना मी तो आग्रह करणार नाही, कोकमाने काम उत्तम होते.

फॉइल मात्र सोडून द्यावे. आंबट-खारट वाटण त्यावर फार वेळ राहणे चांगले नाही. ट्रेमध्ये कांद्याच्या जाड चकत्या मांडून त्यांवर मासा ठेवला की तो खाली चिकटत नाही आणि कांदाही रसात मुरतो. गुंडाळायचेच असेल तर केळीचे पान घ्या. ते विस्तवावरून फिरवले की रंग गडद होतो, चकाकी येते आणि घडी घालताना फाटत नाही. पानात गुंडाळलेल्या माशाला पाचेक मिनिटे जास्त द्यावी लागतात.

आता साखरेविषयी. माशात कर्बोदके जवळजवळ नसतातच, त्यामुळे माशाने साखर चढत नाही. चढते ती त्याला लावलेल्या रव्याने आणि सोबतच्या भाताने. दोन मोठे चमचे रवा म्हणजे सुमारे 15 ग्रॅम कर्बोदके, तर 100 ग्रॅम शिजलेला भात म्हणजे सुमारे 28 ग्रॅम. पण भाकरी चालते म्हणून तीन भाकऱ्या खाणारे लोकही मी पाहिले आहेत. 50 ग्रॅम पिठाच्या ज्वारीच्या एका भाकरीत 35 ग्रॅमच्या जवळपास कर्बोदके असतात, म्हणजे ती वाटीभर भाताच्या फार मागे नाही. दोन्हींपैकी एकच, ठरावीक मापाने, आणि ताटाचा अर्धा भाग भाजी-कोशिंबिरीचा, हे माझ्या मते खरे पथ्य. एका रविवारी भात आणि दुसऱ्या रविवारी भाकरी देऊन जेवणानंतर दोन तासांनी घरच्या ग्लुकोमीटरवर साखर पाहा. आपल्या यजमानांना काय मानवते ते त्यावरून नेमके समजेल. ते इन्सुलिन किंवा साखर एकदम उतरवणाऱ्या गोळ्या घेत असतील, तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय भात-भाकरी पूर्णपणे बंद करू नका, कारण साखर धोकादायकपणे खाली जाऊ शकते. मूत्रपिंडाचा विकार असल्यास माशाचे प्रमाणही त्यांच्याकडूनच ठरवून घ्यावे.

सोलकढीतील नारळाच्या दुधात स्निग्धांश बराच असतो, म्हणून त्या दिवशी फुटी कढी, म्हणजे नारळाच्या दुधाशिवायची कोकमाची कढी, करावी. आणि दर रविवारी पापलेटच हवे असेही नाही. बांगडा तेलकट म्हणून अनेकजण तो टाळतात, पण त्यातील ओमेगा-3 हृदयाला उपकारक आहे. शिवाय स्वतःच्याच तेलामुळे तो ओव्हनमध्ये सहसा कोरडा पडत नाही. शिकाऊ हाताला तर मी आधी बांगडाच भाजायला सांगेन.

प्रश्न : ओव्हन नसेल तर हे जमेल का? — एक वाचक, चिपळूण

उत्तर : जमेल. जाड बिडाचा तवा चांगला तापवून आच मध्यम करावी, वाटण लावलेली तुकडी केळीच्या पानात गुंडाळून तव्यावर ठेवावी आणि वर खोलगट झाकण घालावे. दोन्ही बाजूंनी पाच-सहा मिनिटे लागतात. पान करपून काळे पडेल, त्याने घाबरू नये. आतली तुकडी ओली राहते. शेवटच्या मिनिटाला झाकण काढले की पानाच्या कडेला साचलेला रस आटतो आणि वाटण तुकडीला धरून राहते.