गोमुखचा बर्फ मळका का?

प्रश्न : गोमुखला जाऊन आलो. निळाशार बर्फ बघायला मिळेल असं वाटलं होतं, दिसला दगडमातीचा ढीग. हे प्रदूषणामुळे का?
– एक वाचक, पंचवटी, नाशिक

उत्तर : नाही हो, ते बहुतेक दगड डोंगराचेच. दोन्ही बाजूंच्या कड्यांवरून सुटून ते हिमनदीवर पडतात आणि तिच्यासोबत खाली येतात. खालच्या टप्प्यात वरचा बर्फ वितळतो, दगड मागे उरतात. निळाई असते ती त्यांच्याखाली. मी गोमुखला गेले तेव्हा नुकताच तुटलेला एक कडा समोर होता : वर राखाडी चिखल, आत काचेसारखा निळा बर्फ. तिथून पाय निघेना. वर्षानुवर्षं दाबला जाऊन त्या बर्फातली बरीचशी हवा निघून गेलेली असते. प्रकाश खोलवर शिरतो, तांबडा रंग शोषला जातो, निळा बाहेर येतो.

काळजी मला वेगळीच वाटते. सुमारे 30 किलोमीटर लांबीची ही गंगोत्री हिमनदी खालीच वाहते आहे, पण तिचं तोंड वर सरकतंय, कारण बर्फ येतो त्याहून जास्त वितळतो. आइसलँडमधली ओकयोकुल तर इतकी पातळ झाली, की स्वतःच्या वजनाने सरकेनाशी झाली. 2014 मध्ये तिला हिमनद्यांच्या यादीतून वगळलं. आपली गोदावरी पावसावर जगते. भागीरथीच्या उगमाशी मात्र हा बर्फच आहे.

पुन्हा गेलात तर अगदी मुखाखाली उभे राहू नका. दुपारच्या उन्हात तुकडे सुटतात.