एका खोलीत ३६ माणसं

प्रश्न : पोलिश दिग्दर्शक झ्बिग्नेव्ह रिब्चिन्स्की यांच्या ‘टँगो’त एका छोट्या खोलीत ३६ माणसं एकमेकांना न धडकता वावरतात. संगणकाविना हे कसं जमलं? पुढे त्यांनी काय केलं?

उत्तर : आठेक मिनिटांचा हा लघुपट पोलंडमधल्या वूच शहरातल्या सेमाफोर स्टुडिओत तयार झाला. खिडकीतून चेंडू आत येतो, मुलगा तो उचलून नेतो, आणि हेच पुन्हा पुन्हा. मग एकेक माणूस आपली ठरलेली फेरी घेऊन त्यात मिसळत जातो.

ही माणसं एकत्र चित्रित झालेली नाहीत. प्रत्येक फ्रेमसाठी सेलवर, म्हणजे पारदर्शक पत्र्यावर, आकृतीचा मॅट, म्हणजे चित्राचा नको तो भाग झाकणारा मुखवटा, हाताने रंगवायचा. त्यामुळे ऑप्टिकल प्रिंटरवर, म्हणजे एका फिल्मवरचं चित्र दुसऱ्या फिल्मवर उतरवणाऱ्या यंत्रावर, आकृतीपुरताच भाग फिल्मवर उमटतो, बाकीचा झाकलेला राहतो. रिब्चिन्स्कींच्याच सांगण्यानुसार सुमारे १६ हजार मॅट आणि काही लाख एक्स्पोजर (फिल्मवर चित्र उमटवण्याच्या खेपा) लागले. रोज सोळा तास, सात महिने.

चुका दिसतातच. मॅट किंचित सरकला की माणसाभोवती काळी रेघ येते. सेल्युलॉइड ताणलं जातं, फिल्मच्या कडेच्या छिद्रांतही फरक असतो, म्हणून चित्र थरथरतं. प्रिंटरच्या दिव्याचं रंगतापमान, म्हणजे प्रकाशाची छटा, बदललं की रंगही बदलतो. या खुणांमुळेच हातांची मेहनत जाणवते, आणि आम्हाला त्या प्रिय आहेत.

१९८३ मध्ये ‘टँगो’ला ऑस्कर मिळाल्यावर रिब्चिन्स्की अमेरिकेत स्वतःचा स्टुडिओ थाटून व्हिडिओकडे वळले. १९९० चा ‘द ऑर्केस्ट्रा’ हाय डेफिनिशनमध्ये आहे. ‘टँगो’ पुन्हा पाहाल तेव्हा फक्त चेंडूवाल्या मुलावर नजर ठेवा.