बीथोवेन ऐकायला घेतोयस ना? सातव्या सिंफनीपासून सुरू कर

सिंफनी म्हणजे वाद्यवृंदासाठीची अनेक भागांची मोठी रचना. नवव्या सिंफनीला आत्ताच हात घालू नकोस. सगळे तिचंच नाव घेतात, पण तासाभराहून मोठी आहे, दमशील.

सातव्या सिंफनीचा दुसरा भाग घे, आठ-नऊ मिनिटांचा. १८१३ साली व्हिएन्नात पहिल्यांदा वाजली तेव्हा श्रोत्यांनी या भागाला वन्स मोअर दिला होता. एकच ठेका: एक लांब, दोन छोटे, दोन लांब. आधी खर्जातली तंतुवाद्यं, मग त्यावर एकेक थर चढत जातो. आपण मिरजेच्या तंबोऱ्यावर कान तयार केलेली माणसं. आपला षड्ज, म्हणजे सा, हलत नाही. या भागात सुरुवातीला कोमल गंधार, म्हणजे उतरलेला ग, आहे, मध्ये तो शुद्ध होतो, षड्ज मात्र तोच. म्हणून पहिल्यांदा हेच ऐक.

नंतर पाचवीचा पहिला भाग. तिथे षड्जच उठून कोमल गंधारावर जाऊन बसतो. बेसूर वाटेल, घाबरू नकोस. मला ते पचायला वर्ष लागलं, आणि ज्या दिवशी कळलं त्या संध्याकाळी कृष्णेच्या घाटावर तेच चारदा ऐकलं. त्यात राग शोधत बसू नकोस.

चरित्र सावकाश वाच. १८०२ मध्ये, बहिरेपण वाढत असताना, भावांना लिहिलेलं पत्र त्याने कधी पाठवलंच नाही. मृत्यूनंतर कागदांत सापडलं. ते मात्र पाचवी ऐकण्याआधी वाच. आणि मोबाईलच्या स्पीकरवर नको, हेडफोन लाव. खर्ज हरवला तर सातवीचा तो भाग सुरूच होत नाही.