आंब्यावरच्या तांबड्या मुंग्यांवर औषध मारावं का?

नका मारू. पानं शिवून केलेले चेंडू फांद्यांना लटकताहेत आणि मुंग्या 'पानं खाताहेत', असं तुम्ही लिहिलंय. ही विणकर मुंगी आहे, शास्त्रीय नाव ओइकोफिला स्मारॅग्डिना. ती पानं खात नाही, त्यांचं घर करते.

घरटं बांधलं जात असताना जवळून पाहा. कामकरी मुंग्या रांगेने एका पानाच्या कडेवर उभ्या राहतात आणि शेजारच्या पानाची कड जबड्यात धरून ओढतात. अंतर जास्त असेल तर एकमेकींची कंबर धरून साखळी करतात. कडा जुळल्या की दुसऱ्या मुंग्या पूर्ण वाढलेल्या अळ्या तोंडात धरून आणतात. रेशीम सोडते ती अळी. मुंगी तिला फक्त या कडेवरून त्या कडेवर फिरवते. पानांच्या सांध्यांवर दिसणारा पांढरा पापुद्रा म्हणजे हेच रेशीम. इतर बऱ्याच मुंग्यांच्या अळ्या अशा रेशमाचा स्वतःभोवती कोष करतात. हिच्या अळ्या ते घराला देतात आणि कोषाविना उघड्याच वाढतात.

'मुंग्या झाड खराब करतात' हे मला अजिबात पटत नाही. त्या तुडतुडे, अळ्या, भुंगेरे धरून नेतात. दक्षिण चीनमधले बागायतदार कित्येक शतकं संत्रावर्गीय झाडांवर याच मुंग्या सोडत आणि त्यांना ये-जा करायला झाडाझाडांत बांबू बांधत. घरटं हलवून दुसऱ्या झाडावर वसाहत करायची असेल तर राणीचं घरटं सापडलंच पाहिजे. संपूर्ण वसाहतीला राणी सहसा एकच, घरटी मात्र अनेक झाडांवर डझनावारी. राणीविना नेलेली घरटी काही महिन्यांत ओस पडतात.

दोन वसाहतींच्या झाडांच्या फांद्या भिडू देऊ नका. मुंग्या लढतात, फॉर्मिक आम्ल उडवतात, आणि त्याचे थेंब फळावर पडले की काळे डाग राहतात.

आता खरी अडचण. गोड चिकट रसासाठी या मुंग्या पिठ्या ढेकूण आणि खवले किडी सांभाळतात, आणि तो रस पानांवर सांडून त्यावर काळी बुरशी, म्हणजे काजळी धरते. किडीने भरलेल्या डहाळ्या तेवढ्या छाटा, सगळं झाड फवारू नका. फळं उतरवताना हातांना कोरडी राख चोळा म्हणजे मुंग्यांचे पाय घसरतात, आणि डोळ्यांना चष्मा लावा. आम्ल डोळ्यात गेलंच तर चोळू नका, भरपूर पाण्याने धुवा.